तीन वह्या भरल्या, पण भीती कुठे आहे?

एका वाचक मैत्रिणीचं पत्र आलं आहे. नाव छापू नका, अशी त्यांची विनंती आहे. पत्राचा सारांश असा:

‘मी हिशेबाचं काम करते. गेली चार वर्षं रोज रात्री कामं उरकली की मी एका कल्पित देशाबद्दल लिहीत बसते. हा देश माणसाच्या इतिहासाच्या कितीतरी आधीचा, दूर उत्तरेचा, हळूहळू बर्फाखाली जाणारा. त्याचा नकाशा काढलाय, कालगणना केलीय, एकवीस राजांची वंशावळ आहे, जमिनीखाली निजलेल्या नऊ देवतांची माहिती आहे. तीन जाड वह्या भरल्या. त्यातून सहा कथा लिहिल्या. आमच्या लेखनगटात दोन वाचून दाखवल्या, तर सगळे म्हणाले, “केवढा अभ्यास केलाय!” मग एकाने हळूच म्हटलं, “पण भीती नाही वाटली.” बाकीच्यांनीही माना डोलावल्या. माझा धाकटा भाऊ भूशास्त्र शिकवतो. तो म्हणतो, सहा कोटी वर्षांपूर्वी माणूसच नव्हता, मग राजे आणि देवळं कुठून आली? असलं लिहून लोकांच्या डोक्यात खोटा इतिहास भरू नकोस. मला आता वाटतं, कथेत एवढं जग मावत नाही म्हणून भीती उतरत नसेल. कथा सोडून मोठी कादंबरी लिहायला घेऊ का? की हा नादच सोडून देऊन आजच्या घरातली, आजच्या माणसांची भयकथा लिहू?’

प्रिय मैत्रीण,

‘कथेत एवढं जग मावत नाही म्हणून भीती उतरत नसेल’ हे तुमचं वाक्य मी वेगळं काढून ठेवलं. तुमचा सगळा पेच त्या वाक्यावर उभा आहे आणि मला ते पटत नाही. तुम्ही पत्रासोबत पाठवलेली कथा वाचताना मला वाटत राहिलं की यात जग मावलंय, अगदी कडेपर्यंत मावलंय, आणि म्हणूनच भीतीला टेकायलाही जागा उरलेली नाही.

कथेची सुरुवात तुमच्या परवानगीने इथे देते. ‘महाराज विरूक्षाच्या कारकिर्दीचं अकरावं वर्ष होतं. उत्तरेच्या महापर्वताखाली नऊ निद्रिस्त देवतांपैकी तिसरी, हिमासुरी नावाची आठ डोळ्यांची देवता, सत्तर लाख वर्षं झोपली होती. ती जागी झाली तर सृष्टीचा अंत होणार हे पुरोहितांना ठाऊक होतं.’ वाक्यं तीनच, पण देवता कितवी, तिला डोळे किती, ती किती वर्षं झोपलीय आणि उठली तर काय होईल, हे सगळं मला कळून चुकलं. आता पुढच्या बारा पानांत मला फक्त ती उठायची वाट पाहायची आहे. ती उठतेही, आणि वहीत ठरलंय तशीच उठते.

त्या बारा पानांत एका ओळीपाशी मात्र मी खरोखर थबकले. नवव्या पानावर आहे ती. तिच्याकडे शेवटी येईन.

आधी कॉस्मिक हॉररबद्दल, म्हणजे विश्वाच्या उदासीनतेच्या भयकथेबद्दल, थोडं बोलू, कारण तुम्ही शब्द तो वापरता आणि लिहिता मात्र दुसरंच काहीतरी. नेहमीच्या भुताच्या गोष्टीत भुताला आपल्याकडून काहीतरी हवं असतं. सूड असेल, अपुरी इच्छा असेल, नाहीतर कुणीतरी मोडलेलं वचन असेल. म्हणजे भुताचं आणि माणसाचं काहीतरी नातं असतं, आणि नातं असलं की तोडगाही असतो. कॉस्मिक हॉररमध्ये हे नातंच नाही. समोर जे आहे त्याला तुमचा राग नाही, लोभ नाही, तुम्ही त्याच्या खिजगणतीतही नाही. तुमची हिमासुरी महाराजांवर रागावते, शाप देते, तिला बळी हवा असतो. ती देवळातली कोपिष्ट देवी झाली. तिला प्रसन्न करता येतं, आणि जिला प्रसन्न करता येतं तिची भीती वेगळी असते.

या प्रकारच्या कथा लिहिणाऱ्यांत क्लार्क ॲश्टन स्मिथ हे नाव तुम्हाला नक्की ठाऊक असेल. कॅलिफोर्नियातला हा मूळचा कवी (१८९३ ते १९६१). त्याने हायपरबोरिया नावाचा एक प्रागैतिहासिक देश रचला. नाव ग्रीकांकडून घेतलं, उत्तरवाऱ्याच्याही पलीकडची भूमी म्हणून. हिरवागार, श्रीमंत देश आणि त्यावर सावकाश चालून येणारं बर्फ. तुमच्या देशाचा हा चुलत पूर्वजच म्हणा. १९३४ साली छापून आलेल्या त्याच्या एका कथेत एक उमराव शिकारीला गेलेला असताना एका मांत्रिकाच्या विधीत विघ्न आणतो. मांत्रिक त्याला शापाने बांधतो आणि डोंगराखालच्या देवाकडे नैवेद्य म्हणून पाठवतो. देवाचं नुकतंच खाऊन झालेलं असतं. तो या उमरावाला आणखी खाली, एका कोळ्यासारख्या देवाकडे धाडतो. तो जाळं विणण्यात गुंतलेला, त्याला सवड नाही. तोही पुढे धाडतो. अशा एकेक पायऱ्या उतरत उमराव पृथ्वीच्या पोटात जात राहतो आणि प्रत्येक जण त्याला पाहून हेच सांगतो की तुझा मला काही उपयोग नाही. वाचताना आधी हसू येतं. मग कधीतरी ते हसू घशातच अडकतं. इतक्या खोलवर जाऊनही माणूस कुणाच्याच कामाचा नाही! तुमच्या नऊ देवतांची माहिती तीन वह्यांत असेल, पण त्यातल्या एकीचंही माणसाकडे लक्ष नाही असं एका तरी पानावर लिहिलंय का, ते बघा.

स्मिथकडून घेण्यासारखी आणखी एक गोष्ट आहे आणि ती थेट तुमच्या वह्यांबद्दलची आहे. त्याच्या देशाची एक जुनी राजधानी लोकांनी सोडून दिलेली आहे. का सोडली? १९३१ च्या नोव्हेंबरात ‘वीअर्ड टेल्स’ या अमेरिकी मासिकात आलेल्या कथेत एक चोर सांगतो की एका भविष्यवाणीमुळे. पुढच्या वर्षी आलेल्या दुसऱ्या कथेत त्याच शहराचा म्हातारा मुख्य जल्लाद सांगतो की एका दरोडेखोरामुळे. त्याचं डोकं उडवून पुरलं तरी तो परत येत राहिला आणि दर वेळी त्याच्यातलं माणूसपण कमी होत गेलं. एकाच घटनेची दोन कारणं. कुणी बसून त्यांचा मेळ घातलेला नाही, आणि त्यामुळेच ते शहर खरंखुरं जुनं वाटतं. जुन्या जागेबद्दल दोन माणसं कधी एकच गोष्ट सांगतात का? तुमच्या वहीत प्रत्येक घटनेसमोर एकच नोंद आहे आणि सगळ्या नोंदी जुळतात. हिशेबाच्या खात्यात हे गुणाचं आहे. कथेत याचा अर्थ असा होतो की त्या देशात कुणी खोटं बोललं नाही, कुणी विसरलं नाही, कुणी भीतीपोटी गप्प बसलं नाही.

आता तुमच्या भावाकडे वळते. त्याचं बोलणं तुम्हाला लागलंय हे पत्रातून कळतं. त्याच्या बोलण्यात दोन वेगळे मुद्दे आहेत आणि ते वेगळेच ठेवायला हवेत.

पहिला मुद्दा वस्तुस्थितीचा, आणि तिथे तो बरोबर आहे. सहा कोटी वर्षांपूर्वी डायनासोर जाऊन साठ लाख वर्षं झाली होती आणि माणसाचा पत्ताही नव्हता. त्याने तुम्हाला आणखी एक गोष्ट सांगितलेली दिसत नाही. त्या काळी पृथ्वी आजच्यापेक्षा खूप उबदार होती, ध्रुवांवर आजच्यासारखे हिमथर नव्हते. अंटार्क्टिकाचा मोठा हिमथर साचायला सुरुवात झाली ती सुमारे ३.४ कोटी वर्षांपूर्वी. म्हणजे तुमचा बर्फाळ देश तुम्ही नेमका जिथे बर्फ नव्हतं तिथे नेऊन ठेवलाय. पण यावर उपाय म्हणून नवा आकडा शोधत बसू नका. आकडाच काढून टाका. तुमच्या देशातल्या कुणालाही आपण किती वर्षांपूर्वी जगतोय हे कसं कळणार? ‘प्रागैतिहासिक’ हा शब्द आपला, इकडून तिकडे पाहणाऱ्यांचा. त्यांच्या दृष्टीने ते अगदी आजचे होते, जगाच्या शेवटच्या टोकाला उभे होते, आणि त्यांच्याही मागे त्यांना न कळलेले पडके अवशेष होते.

शिवाय ‘सत्तर लाख वर्षं’ या आकड्याने आपल्याला भीती वाटत नाही. युगं, कल्प, परार्ध हे शब्द आपण लहानपणापासून ऐकत आलोय. मोठ्या संख्येची आपल्याला इतकी सवय आहे की ती अंगाईसारखी कानावरून निघून जाते. काळाची खोली अंगावर यायला हवी असेल तर तो हातात धरता येईल एवढा लहान करावा लागतो. एकदा हे करून बघा. तुमच्या वहीचा एक कागद म्हणजे एक वर्ष समजा. साधारण शंभर कागदांची जाडी एक सेंटिमीटर भरते. ऐंशी वर्षांचं आयुष्य म्हणजे आठ मिलिमीटर, करंगळीच्या रुंदीपेक्षाही कमी. माणसाने काहीतरी लिहून ठेवायला सुरुवात केली त्याला सुमारे पाच हजार वर्षं झाली, म्हणजे कागदांचा गठ्ठा अर्धा मीटर, गुडघ्यापर्यंत. आपल्यासारखा माणूस पृथ्वीवर आहे सुमारे तीन लाख वर्षं, म्हणजे तीस मीटर, नऊ-दहा मजली इमारतीएवढा. डायनासोर संपले ते साडेसहा किलोमीटर खाली. आणि पृथ्वीचा पहिला कागद साडेचारशे किलोमीटर खाली.

त्या तीस मीटरांपैकी फक्त वरच्या अर्ध्या मीटरवर अक्षरं आहेत. बाकी साडेएकोणतीस मीटर कागद कोरे! तुमचा देश तिथे ठेवा. तिथे खरी माणसं होती, आपल्याइतकीच हुशार. ती विस्तव करत होती, गात होती, मेलेल्यांना पुरत होती, आणि त्यातलं एकही नाव आपल्यापर्यंत आलेलं नाही. त्या काळात आपल्याशिवाय माणसाच्या इतर प्रजातीही होत्या. शेवटचं हिमयुग ऐन भरात होतं तेव्हा, सुमारे वीस हजार वर्षांपूर्वी, इतकं पाणी बर्फात अडकलं होतं की समुद्र आजच्यापेक्षा जवळजवळ १२० मीटर खाली होता. ब्रिटन आणि युरोप यांच्यामध्ये आज जिथे उत्तर समुद्र आहे तिथे जमीन होती, तिच्यावर माणसं शिकार करत होती. सुमारे आठ हजार वर्षांपूर्वी तिचा उरलासुरला भागही पाण्याखाली गेला. १९३१ साली एका मासेमारी जहाजाच्या जाळ्यात त्या तळावरून कुजलेल्या वनस्पतींचा एक घट्ट गोळा वर आला आणि तो फोडल्यावर आत शिंगापासून केलेलं एक दातेरी हत्यार निघालं. स्मिथची हायपरबोरियाची पहिली कथा छापून आली ते हेच वर्ष. ही माहिती कथेत घालण्यासाठी सांगत नाही. कल्पित देशाला बुडवायला खऱ्या पृथ्वीवर किती जागा आहे, ते दिसावं म्हणून सांगते.

भावाचा दुसरा मुद्दा खोट्या इतिहासाचा. तो तुम्ही मनावर घ्यावा असं मला वाटतं, पण त्यापायी लिहिणं सोडू नये. कल्पित देश खऱ्यात कसा मिसळतो याचं उदाहरण लेमुरिया. १८६४ साली फिलिप स्क्लेटर या प्राणिशास्त्रज्ञाने मादागास्कर आणि भारत यांच्या प्राण्यांतलं साम्य समजावून सांगण्यासाठी एक बुडालेला खंड सुचवला. तो शास्त्रीय तर्क होता आणि त्या वेळी गैरही नव्हता. पुढे खंड सरकतात हे मान्य झालं आणि त्या तर्काची गरज उरली नाही. पण तोवर गूढविद्येच्या ग्रंथांनी लेमुरिया उचलला होता, त्यावर माणसं वसवली होती, आणि आजही तो खरा होता असं मानणारे भेटतात. तुमच्या हातात यातलं काय आहे? कथेला कथाच म्हणणं. कथेच्या आधी ‘संशोधकांच्या मते’ किंवा ‘नुकत्याच सापडलेल्या शिलालेखानुसार’ असली बतावणी मनोगतात किंवा ओळखीत करायची नाही. कथेच्या आत हवी तेवढी लबाडी करा, कथेच्या बाहेर एक शब्दही नको. एवढं पाळलंत तर भावाची तक्रार माझ्या मते संपते.

या जुन्या नियतकालिकांतल्या कथांबद्दल एक सांगायचं राहून जाऊ नये. त्यांतली पुष्कळशी भीती परक्या माणसांची भीती आहे. डोंगरापलीकडच्या ‘रानटी’ टोळ्या, ‘हीन’ रक्ताचे पुजारी. याच प्रकारच्या कथा लिहिणाऱ्या, स्मिथच्या समकालीन एच. पी. लव्हक्राफ्टच्या लेखनातला वंशद्वेष तर त्याच्या पत्रांतूनही स्पष्ट दिसतो. तुमच्या कथेतही दक्षिणेच्या टोळीवाल्यांची एक झुंड येते, कातडी पांघरलेली, गुरगुरणारी. मला ती तिथे नको वाटली. विश्वाच्या उदासीनतेची भीती ज्याला लिहायची आहे, त्याला माणसांतल्या एका गटाला जनावर करायची गरज पडत नाही. त्या टोळीवाल्यांनाही तुमच्या राजाइतकंच काही कळत नाहीये. त्यांना बोलू द्या.

भावाला आता कामाला लावा. तो भूशास्त्र शिकवतो, म्हणजे हिमनदी कशी वागते हे त्याला चांगलं ठाऊक असणार. बर्फ आपल्याच वजनाने सरकतं. पोटात धरलेल्या दगडांनी खालच्या खडकावर समांतर ओरखडे काढतं. मोठाले धोंडे उचलून शेकडो किलोमीटर दूर नेऊन टाकतं. जाड बर्फ प्रकाशातला तांबडा रंग शोषतं म्हणून आतून निळं दिसतं. त्यात जुनी हवा बुडबुड्यांच्या रूपाने अडकलेली असते. अंटार्क्टिकाच्या बर्फातून तर आठ लाख वर्षांपूर्वीची हवा काढून तपासली आहे. जुनं बर्फ वितळताना ते बुडबुडे तडतड फुटतात. हे नियम भावाकडून नीट समजून घ्या, कारण कथेत त्यातला एकच मोडायचा आहे. नियम ठाऊक असलेल्या हाताने मोडला तरच त्या मोडण्याची भीती वाटते.

काय म्हणते ते करूनच दाखवते. तुमचाच देश घेतला, राजा आणि देवता बाजूला ठेवल्या.

‘खुंट्या मोजायचं काम आईकडून माझ्याकडे आलं. थंडी लागली की बर्फाच्या तोंडाशी हाडाच्या एकोणीस खुंट्या रोवायच्या, दोन खुंट्यांत एक पाऊल. थंडी सरली की किती गिळल्या ते वस्तीला सांगायचं. यंदा सगळ्या गेल्या. मी बर्फाला कपाळ टेकून आत पाहिलं. माझ्या खुंट्या उभ्याच होत्या. त्यांच्या मागे आईच्या, तशाच ओळीत. त्यांच्या मागे आणखी कुणाच्या. सगळ्यांत मागची ओळ निळ्यात जेमतेम दिसत होती. तिच्या दोन खुंट्यांमध्ये माझी सात पावलं मावली असती.’

तुमचा भाऊ लगेच म्हणेल, हिमनदी खुंट्या उभ्या ठेवणार नाही, भरडून टाकेल. बरोबर! त्या उभ्या आहेत हीच पहिली खटकणारी गोष्ट. ती वाचकाच्या आधी तुम्हाला खटकली पाहिजे. या तुकड्यात देव नाही, राजा नाही, वर्ष नाही. एक बाई आहे, तिचं नेहमीचं काम आहे, आणि त्या कामाचं माप चुकलंय. हे काम तिच्या आधी कुणीतरी करत होतं आणि त्याचं पाऊल माणसाचं नव्हतं, एवढंच तिला कळतं. तिने ते वस्तीत सांगावं की नाही? तुमची कथा तिथून सुरू होते.

नावांचा प्रश्न यालाच लागून आहे. ‘हिमासुरी’ म्हटलं की असुर आले, मग देव आले, वर आला, वध आला. संस्कृत वळणाचं भारदस्त नाव आपल्याबरोबर अख्खी न्यायव्यवस्था घेऊन येतं. त्यात दुष्टाला शेवटी शासन होतं हे वाचकाला वाढता वाढता कळलेलं असतं. दुसरीकडे तुमच्या काही नावांत तीन-तीन जोडाक्षरं एकात एक अडकली आहेत. ती मोठ्याने वाचताना जीभ अडखळते आणि ऐकणाऱ्याचं लक्ष उडतं. मी तरी त्या खालच्या वस्तूला नावच दिलं नसतं. मराठीत यासाठी दोन फार मोलाच्या गोष्टी आहेत. एक म्हणजे नपुंसकलिंग. ‘ती उठली’ म्हटलं की डोळ्यांपुढे देवी येते, ‘तो उठला’ म्हटलं की राक्षस. ‘ते उठलं’ म्हणून बघा. दुसरी म्हणजे ‘म्हणे’. ‘खालचं अजून निजलेलंच आहे म्हणे.’ या एका शब्दात बोलणाऱ्याने स्वतः पाहिलेलं नाही, ज्याने पाहिलं तो इथे नाही आणि विचारायची कुणाची हिंमत नाही, हे सगळं येतं. पुरोहितांना ‘ठाऊक होतं’ असं लिहिण्याऐवजी हे लिहिलं असतंत तर मी पहिल्याच पानावर सावरून बसले असते.

कादंबरीबद्दल विचारलंत. वह्यांतला मजकूर मावावा म्हणून कादंबरी लिहू नका. चारशे पानं सोबत राहिलं की कुठलंही भय ओळखीचं होतं, आणि ओळखीच्या वस्तूला आपण घाबरत नाही, तिच्याशी जुळवून घेतो. या प्रकारच्या भीतीला कथेचा आकार मानवतो, कारण कथा दार किलकिलं करून बंद करू शकते. मोठा आवाका हवाच असेल तर एकाच देशाच्या सुट्या कथांची माळ करा, प्रत्येक कथेला वेगळा सांगणारा आणि वेगळा काळ. एका कथेत भरभराटीचं शहर, दुसरीत तेच शहर अर्धं बर्फात, तिसरीत त्याचं नावही विसरलेलं. वाचक स्वतः दुवे जोडेल आणि जोडताना त्याला जे वाटेल ते तुम्हाला चारशे पानांत सांगून जमणार नाही. ज्यांच्या मनातलं कथानक एकाच माणसाच्या दीर्घ ऱ्हासाचं आहे त्यांनी खुशाल कादंबरी लिहावी. पण तुमच्या पत्रात तसं एकही माणूस मला दिसलं नाही, देशच दिसला.

आणि आजच्या घरातली भयकथा? तुम्हाला मनापासून सुचली तर जरूर लिहा. पण गटात कुणी घाबरलं नाही म्हणून चार वर्षांचा देश सोडून जाऊ नका. घर आजचं असलं तरी पहिल्या तीन वाक्यांत सगळं सांगून टाकायची सवय तुमच्यासोबत तिथेही येईल.

वह्या फेकायच्या नाहीत. मात्र पुढचे दोन महिने कथेचा पहिला खर्डा होईपर्यंत त्या कपाटात राहू द्या. तीन कथा लिहा, प्रत्येकी अडीच-तीन हजार शब्दांच्या. प्रत्येकीत सांगणाऱ्याला एक काम असावं: नावाडी, चामडं कमावणारी, मेलेल्यांना उचलणारा. त्या माणसाला देशाबद्दल जेवढं ठाऊक असेल तेवढंच पानावर यावं. कामगाराला वंशावळ कशाला ठाऊक असेल! तिन्हींत एक घटना समान ठेवा आणि तिघांना ती वेगवेगळी सांगू द्या. खर्डा झाल्यावर वही उघडा. कथा आणि वही यांत फरक पडला तर वही बदला.

गटाला ‘भीती वाटली का’ असं विचारू नका, त्या प्रश्नाला लोक सभ्यपणे उत्तरं देतात. त्यांच्या हातात प्रत आणि पेन्सिल द्या. जिथे ओळ पुन्हा वाचाविशी वाटली तिथे एक खूण, जिथे नजर पुढे पळाली तिथे दुसरी. तुम्हाला कारणं नकोत, फक्त खुणा हव्यात.

मी स्वतः तुमच्या कथेवर पहिली खूण केली ती नवव्या पानावर. महाराजांची स्वारी गुहेकडे निघालेली असते आणि वाटेत एक दिवा लावणारी पोर दिसते. तिचं काम गुहेच्या तोंडाशी रोज संध्याकाळी चरबीचा दगडी दिवा ठेवण्याचं. (असा चरबीचा दगडी दिवा फ्रान्समधल्या लास्कोच्या गुहेत खरोखर सापडला आहे, तुम्ही ते वाचलं असणार.) ती महाराजांच्या सेवकाला सांगते, ‘रोज सकाळी वात जळून गेलेली असते, पण चरबी तेवढीच असते.’ सेवक तिला हटकतो, स्वारी पुढे जाते, आणि पोर कथेत पुन्हा येत नाही. मी मात्र तिच्यापाशीच थांबले. मग तिथे रात्रभर काय जळतं? तिने हे आजवर कुणाला सांगितलं नव्हतं का? ती रोज संध्याकाळी पुन्हा कशी जाते?

त्या पोरीचं नाव तुमच्या वह्यांत आहे का ते मला कळवा. नसेल तर ठेवूही नका. महाराजांना पुढे जाऊ द्या, आणि आज संध्याकाळी तिच्याबरोबर दिवा घेऊन निघा.